रिले संघातील पाचवी धावपटू: दुखापत कळवण्याच्या निर्णयाचे एक प्रकरण

प्रकरणाची व्याप्ती

ही नोंद ग्वाल्हेरच्या लष्कर भागात वाढलेल्या एका मराठी धावपटूविषयी आहे. ४ × ४०० मीटर रिलेच्या, म्हणजे चौघींनी पाळीपाळीने प्रत्येकी ४०० मीटर धावायच्या शर्यतीच्या, भारतीय महिला संघात तिला जागा मिळाली होती आणि एका मोठ्या स्पर्धेची पात्रता जिथे ठरणार होती, त्या परदेशातील शर्यतीसाठी निघणाऱ्यांच्या यादीत तिचे नाव लागले होते. निघण्यास तीन आठवडे उरले असताना तिच्या मांडीच्या मागच्या स्नायूला झालेल्या इजेचे खरे स्वरूप फक्त तिला, घरच्यांना आणि ग्वाल्हेरच्या तिच्या प्रशिक्षकांना ठाऊक होते. ते संघाच्या राष्ट्रीय सराव शिबिरात कळवावे की निमूटपणे विमानात बसावे, असा प्रश्न होता आणि त्याच्या उत्तरावर तिची होऊ घातलेली नोकरी, संघातील जागा आणि इतर तीन धावपटूंची शर्यत अवलंबून होती.

प्रस्तुत लेखक शारीरिक शिक्षणाचा शिक्षक असून या कुटुंबाच्या परिचयातला आहे; निर्णय झाला त्या बैठकीत तो हजर होता. खेळाडूची ओळख उघड होऊ नये म्हणून वर्षे, स्पर्धांची नावे आणि संघाच्या वेळा दिलेल्या नाहीत. संघाचा निकाल न देण्यामागे आणखी एक कारण आहे. तिच्याविना संघ पात्र ठरला की नाही, यावरून तिच्या निर्णयाची पारख करण्याकडे मन ओढले जाते, आणि ती पारख अन्यायाची ठरते, कारण निर्णय घेताना तो निकाल कोणाच्याही समोर नव्हता.

पार्श्वभूमी

लष्करातील अनेक मराठी घरांप्रमाणे या घराच्याही कित्येक पिढ्या ग्वाल्हेरात गेल्या आहेत. वडील एका खासगी पेढीत हिशेबनीस, आई शाळेत शिक्षिका, आणि रेल्वेतून निवृत्त झालेले थोरले काका, ज्यांना विचारल्याशिवाय घरात मोठा निर्णय होत नाही. मुलगी शाळेत १०० आणि २०० मीटर धावत असे. ग्वाल्हेरात पायात वेग असलेली मुलगी दिसली की तिला प्रथम हॉकीकडे वळवण्याचा विचार होतो, कारण राज्याची महिला हॉकी अकादमी याच शहरात आहे, तर ॲथलेटिक्सची राज्य अकादमी भोपाळला आहे. तिच्याही बाबतीत तो विचार झाला. मात्र, १९५७ मध्ये ग्वाल्हेरात स्थापन झालेल्या लक्ष्मीबाई शारीरिक शिक्षण संस्थेतून शिकलेल्या एका प्रशिक्षकांनी तिला ट्रॅकवर ठेवले. घरात आणि या नोंदीतही त्यांचा उल्लेख ‘सर’ असाच होतो.

सरांनी तिला सतराव्या वर्षी ४०० मीटरकडे नेले. तिची सुरुवात फारशी स्फोटक नव्हती, पण वेग टिकवण्याची ताकद मोठी होती, हे त्याचे एक कारण. दुसरे कारण भारतीय ॲथलेटिक्सच्या इतिहासात आहे. १९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये पी. टी. उषा, शायनी अब्राहम, एम. डी. वल्सम्मा आणि वंदना राव यांच्या संघाने अंतिम फेरी गाठून ३:३२.४९ अशा वेळेसह सातवे स्थान मिळवले, तेव्हापासून महिलांची ही रिले म्हणजे आपल्याकडील चारशे मीटरच्या धावपटूंसाठी देशाबाहेर जाण्याचा सर्वांत खात्रीचा मार्ग राहिला आहे. २००२ ते २०१८ या काळातील पाचही आशियाई स्पर्धांत या शर्यतीचे सुवर्णपदक भारताकडे आले. आपल्या धावपटूची वैयक्तिक सर्वोत्तम वेळ ५३ सेकंदांच्या जरा वर होती. हिमा दासने २०१८ मध्ये जकार्ता येथे नोंदवलेला राष्ट्रीय विक्रम ५०.७९ सेकंदांचा आहे. या अंतराचा अर्थ तिला चांगला कळत होता: वैयक्तिक शर्यतीच्या बळावर तिला कोणत्याही जागतिक स्पर्धेचे दार उघडणारे नव्हते. रिले हे तिच्यासाठी एकमेव दार होते, आणि पुढे जे घडले त्याचे मूळ मला या एकमेवपणात दिसते.

रिले संघातली जागा म्हणजे नेमके काय, हे बाहेरच्या माणसाला सहसा माहीत नसते. साधारण सहा जणी प्रवासाला जातात आणि चौघी धावतात. कोणत्या चौघी आणि कोणत्या क्रमाने, हे त्या फेरीसाठी खेळाडूंना हजर होण्यास बोलावणाऱ्या पहिल्या पुकाऱ्याच्या जाहीर वेळेआधी किमान एक तास कळवावे लागते. त्यानंतर बदल करायचा तर स्पर्धेच्या वैद्यकीय अधिकाऱ्याची खातरजमा लागते. प्राथमिक फेरीत धावलेल्या मुलीच्या जागी अंतिम फेरीत दुसरी येऊ शकते. ऑलिंपिक आणि जागतिक स्पर्धेत संघाला पदक मिळाले, तर केवळ प्राथमिक फेरीत धावलेल्या मुलीलाही ते मिळते. म्हणजे पाचव्या किंवा सहाव्या क्रमांकाची धावपटू शोभेची नसते. वरच्या दोघी वैयक्तिक शर्यतींत दमलेल्या असतात, तेव्हा प्राथमिक फेरीचा भार हिच्यावरच येतो. वरिष्ठ गटातली तिची पहिली आंतरराष्ट्रीय धाव अशीच झाली होती: प्राथमिक फेरीत ती दुसरा टप्पा धावली आणि अंतिम फेरीत तिची जागा एका अनुभवी धावपटूने घेतली.

दुसऱ्या टप्प्याविषयी थोडे अधिक सांगणे आवश्यक आहे. पहिली धावपटू आपला पूर्ण फेरा आपल्याच लेनमध्ये धावते. दुसरी पहिले वळण लेनमध्ये पूर्ण करते आणि लेन सोडण्याची मुभा देणारी सीमारेषा ओलांडल्यावर आतल्या लेनकडे सरकते. आठही जणी त्याच क्षणी आत येत असतात, कोपर लागते, पाय अडकतो, आणि कोणाच्या मागे राहायचे व कोणाला बाहेरून गाठायचे हे दोन-तीन पावलांत ठरवावे लागते. त्यासाठी पहिले दीडशे मीटर जवळजवळ पूर्ण वेगाने धावणे भाग असते. बॅटन (एकीने पुढचीच्या हाती द्यायची लहान नळी) घेतानाही शरीर सरळ नसते: थकून येणाऱ्या सहकारी धावपटूकडे मागे वळून पाहत, २० मीटरच्या बदलक्षेत्रातच बॅटन हाती येईल अशा बेताने वेग वाढवायचा, बहुधा डाव्या हाताने बॅटन घ्यायची आणि पुढे उजव्या हातात बदलायची. सरांनी ग्वाल्हेरात दोन वर्षे तिच्याकडून हेच करून घेतले होते. तिची वेळ यादीत पाचवी असली, तरी दुसऱ्या टप्प्यासाठी राष्ट्रीय शिबिरात तिचे नाव प्रथम घेतले जाई, ते या तयारीमुळे.

समस्या

शिबिरात सीमारेषेवरून आत सरकण्याचा सराव चालू असताना तिला उजव्या मांडीच्या मागे ओढ जाणवली. ती थांबली नाही. वेग कमी करून तिने फेरा पूर्ण केला. शिबिरातल्या फिजिओला तिने मांडी आखडल्याचे सांगितले, आणि सांगितले तेवढ्यावर त्यांनी बर्फ, पट्टी आणि दोन दिवस हलका सराव असा उपाय केला. पुढचे दहा दिवस तिने मुख्य सराव टाळण्याची कारणे शोधत, दुखऱ्या बाजूचे पाऊल किंचित आखूड टाकत काढले. सरळ धावताना तिला निभावून नेता येत होते. वळणावर आणि वेग वाढवताना कळ उठत होती.

हे दहा दिवस तिने का दडवले, याचे उत्तर तिने नंतर स्पष्ट दिले. यादीत तिच्या खाली असलेली मुलगी तिच्याहून फारशी मागे नव्हती. शिबिरातला फिजिओ मुख्य प्रशिक्षकांच्या हाताखाली काम करीत असल्यामुळे त्याला सांगितलेली गोष्ट निवड करणाऱ्यांच्या कानावर त्याच संध्याकाळी जाणार, हे सर्व मुली गृहीत धरून चालत. आणि एकदा यादीतून नाव गेले, तर ते परत कसे लागते, हे कोणीही कधी सांगितलेले नव्हते. तिच्या समोर जागा जाण्याचा मार्ग होता, येण्याचा नव्हता.

चुलत भावाच्या लग्नासाठी ती दोन दिवस ग्वाल्हेरला आली. मांडवात जिना चढताना ती उजवा पाय जपून टाकते आहे, हे सर्वांआधी आईच्या लक्षात आले. दुसऱ्या दिवशी सर तिला घेऊन एका अस्थिरोगतज्ज्ञांकडे गेले, एमआरआय झाला आणि मांडीच्या मागच्या स्नायूत अर्धवट फाट असून ती स्नायूच्या आतल्या कंडरेपर्यंत, म्हणजे स्नायूला हाडाशी जोडणाऱ्या चिवट दोरीसारख्या भागापर्यंत, पोहोचल्याचे दिसले. हा तपशील निर्णायक होता. फाट केवळ मांसल भागात असेल, तर धावपटू तीन-चार आठवड्यांत परतू शकते. कंडरेला इजा असेल, तर भरून येण्यास अधिक काळ लागतो आणि घाई केल्यास तीच इजा पुन्हा होण्याचा धोका बराच वाढतो. डॉक्टरांनी सहा ते आठ आठवडे सांगितले. हाती तीनच होते.

विचारात घेतलेले पर्याय

त्या रात्री घरात झालेल्या बैठकीत चार मार्ग पुढे आले. सर्वांत जोरकस मांडणी काकांची होती, आणि ती येथे पूर्ण दिली पाहिजे, कारण अशा प्रकरणांत वडीलधाऱ्यांचे म्हणणे हट्ट म्हणून उडवून लावले जाते. त्यांचे म्हणणे असे होते की ती पाचवी आहे. चौघी ठणठणीत असल्या, तर तिला धावावेच लागणार नाही. देशाच्या संघातून अशा दर्जाच्या स्पर्धेला गेल्याची नोंद झाली, की खेळाडूंच्या कोट्यातून रेल्वेत अर्ज करताना तिची बाजू भक्कम होईल, कारण कोणत्या दर्जाच्या स्पर्धेत प्रतिनिधित्व केले यावर तिथे भरतीची श्रेणी ठरते. वडिलांची नोकरी खासगी आहे, तिच्या खुराकावर आणि बुटांवर घराने आतापर्यंत केलेला खर्च मोठा आहे, आणि पुढच्या वर्षी तिचे नाव यादीत असेल याची हमी कोणी देत नाही. तेव्हा गप्प राहून जावे, तिथे पाय दुखतो म्हणून सांगावे आणि परत यावे. चाळीस वर्षे सरकारी नोकरीत काढलेल्या आणि कागदाची किंमत ओळखणाऱ्या माणसाचा हा हिशेब होता. त्यात तिच्या भल्याखेरीज दुसरा हेतू नव्हता.

या हिशेबातली उणीव सरांनी दाखवली. पाचवी धावपटू बसूनच राहील, हे गृहीतक रिलेत टिकत नाही. चौघींपैकी एखादीला ताप आला, पोट बिघडले, किंवा पहिल्या फेरीनंतर प्रशिक्षकांना बदल करावासा वाटला, तर दुसऱ्या टप्प्यासाठी पहिले नाव हिचेच येणार, कारण ती तयारी हिचीच आहे. मग तिथे एक तर ऐनवेळी सत्य सांगून संघाला पर्यायाविना सोडायचे, नाही तर फाटलेल्या स्नायूवर पूर्ण वेगाने वळण धावायचे. रिलेत एक मुलगी थांबली, की शर्यत चौघींची संपते. या प्रकरणाशी संबंध नसलेले एक जाहीर उदाहरण सर्वांना आठवेल. मे २०२४ मध्ये बहामाजमधील नासाऊ येथे जागतिक रिले स्पर्धेत भारतीय पुरुष संघाचा दुसऱ्या टप्प्याचा धावपटू पायात गोळा आल्यामुळे मध्येच थांबला आणि संघाला फेरी पूर्ण करता आली नाही. तो धावपटू काही लपवून उतरला होता असे मुळीच नाही. असे कोणालाही होऊ शकते. त्या स्पर्धेच्या रचनेत दुसरी संधी होती, दुसऱ्या दिवशी संघाने ३:०३.२३ अशी वेळ देऊन पॅरिस ऑलिंपिकची पात्रता मिळवली, ही वेगळी गोष्ट. प्रत्येक स्पर्धेत अशी दुसरी फेरी नसते.

दुसरा मार्ग इंजेक्शनचा होता. गल्लीतल्या ओळखीच्या डॉक्टरांनी, आपुलकीनेच, स्टेरॉइडचे एक इंजेक्शन घेऊन सूज उतरवावी आणि उन्हाचे दिवस आहेत म्हणून जाण्याआधी एक सलाइन लावून घ्यावे, असे सुचवले होते. ग्वाल्हेरच्या मे महिन्यात सलाइन लावणे ही इतकी घरगुती बाब आहे, की त्यात कोणाला काही वावगे वाटत नाही. परंतु उत्तेजकविरोधी नियमांनुसार रुग्णालयातील उपचार किंवा पूर्वपरवानगी यांखेरीज बारा तासांत १०० मिलीलिटरहून अधिक द्रव शिरेतून घेणे हाच नियमभंग आहे, मग त्यात नुसते मीठ-पाणी का असेना. सूज उतरवणाऱ्या स्टेरॉइडांच्या ग्लुकोकॉर्टिकॉइड गटातील स्नायूत दिली जाणारी औषधे स्पर्धाकाळात आधीपासूनच वर्ज्य होती आणि १ जानेवारी २०२२ पासून या गटाची कोणतीही इंजेक्शने स्पर्धाकाळात चालत नाहीत; औषध शरीरातून जाण्यास धरायचा काळ औषधानुसार आणि मार्गानुसार तीन दिवसांपासून साठ दिवसांपर्यंत असतो. रिलेत याची झळ एकटीला बसत नाही. धावपटू नेस्टा कार्टरच्या नमुन्याच्या फेरतपासणीत उत्तेजक आढळल्यानंतर २००८ च्या बीजिंग ऑलिंपिकमधील जमैकाच्या ४ × १०० संघाचे सुवर्ण गेले आणि त्याबरोबर उसेन बोल्टचेही एक पदक गेले. उलट बाजूचे उदाहरण आपल्याच खात्यात आहे: २०१८ च्या आशियाई स्पर्धेतील मिश्र (स्त्री-पुरुषांच्या एकत्र) रिलेत बहरीनच्या एका धावपटूच्या उत्तेजक चाचणीतील दोषामुळे तो संघ बाद झाला आणि भारताच्या रौप्याचे सुवर्ण झाले. शिवाय २०११ मध्ये भारतीय महिला रिले धावपटूंवर आलेली बंदी, जी सुरुवातीला एक वर्षाची होती आणि २०१२ मध्ये आंतरराष्ट्रीय क्रीडा लवादाने दोन वर्षांची केली, ती सरांच्या पिढीला विसरता येण्यासारखी नाही. इंजेक्शनची चर्चा त्यांनी तिथेच थांबवली, आणि माझ्या मते त्या रात्रीचा सर्वांत निःसंशय योग्य निर्णय तो होता.

तिसरा मार्ग म्हणजे सर्व कळवून नाव मागे घेणे. चौथा मार्ग तिने स्वतः सुचवला: कळवायचे, पण राखीव म्हणून बरोबर नेण्याची विनंती करायची. आईला तो पटला. सरांना तो संघाच्या दृष्टीने पटला नाही, कारण सहा जागांपैकी एक जागा न धावू शकणाऱ्या मुलीने अडवल्यास संघाकडे खऱ्या अर्थाने पाचच जणी उरतात. तरीही विनंती करण्यात गैर काही नाही, उत्तर शिबिराने द्यावे, असे ते म्हणाले.

निर्णय आणि कृती

निर्णय त्या रात्री झाला नाही. सकाळी तिने शिबिरातल्या एका ज्येष्ठ सहकारी धावपटूला फोन केला, जिला सगळ्या मुली दीदी म्हणतात. दीदीने सल्ला दिला नाही; तिने इतकेच विचारले की प्राथमिक फेरीत पहिला टप्पा मी धावले आणि बॅटन घ्यायला तू समोर उभी असलीस, तर तुझ्या पायाविषयी मला आधी कळलेले हवे की नको. वडिलांनी, जे आदल्या रात्री जवळजवळ काही बोलले नव्हते, त्यानंतर कळवण्याच्या बाजूने मत दिले, आणि काकांनी आपली नापसंती नोंदवून विरोध सोडला.

सरांच्या मदतीने तिने मुख्य प्रशिक्षक आणि शिबिराचे डॉक्टर या दोघांना एकाच वेळी लेखी कळवले आणि एमआरआयचा अहवाल सोबत जोडला. फोनवर सांगण्यापेक्षा लेखी द्यावे, हा आग्रह काकांचा होता, आणि पुढे त्याचाच सर्वांत अधिक उपयोग झाला. पत्रात पहिल्या दिवशी ओढ जाणवल्याचे आणि ती पूर्ण न सांगितल्याचेही तिने लिहिले. मागण्या तीन होत्या: शक्य असल्यास राखीव म्हणून न्यावे, नेता येत नसल्यास नाव वैद्यकीय कारणास्तव मागे घेतल्याची नोंद व्हावी, आणि बरी झाल्यावर वेळचाचणी देऊन शिबिरात परतण्याची संधी मिळावी.

उत्तर लवकर आले. राखीव म्हणून नेण्यास नकार मिळाला, वैद्यकीय कारणाची नोंद झाली, आणि तिसऱ्या मागणीवर पुढे बघू असे तोंडी सांगण्यात आले. पुनर्वसन शिबिरातच करू द्यावे, ही तिची नंतरची विनंती मान्य झाली नाही, कारण खोल्या प्रवासाला जाणाऱ्या संघासाठी राखून ठेवल्या होत्या. सामान घेऊन ती ग्वाल्हेरला परतली.

इथे एक लहानशी कृती नोंदवावी लागेल, कारण ती राहून गेली असती तर सगळेच वाया गेले असते. ती उत्तेजक चाचणीसाठी नोंदवलेल्या खेळाडूंत होती, म्हणजे दररोज कोणत्या साठ मिनिटांत आपण कुठे सापडू, हे तिने आगाऊ कळवून ठेवणे बंधनकारक होते. बारा महिन्यांत हे कळवण्यात किंवा त्या वेळी तिथे सापडण्यात तीन चुका झाल्या, तर तोही उत्तेजकविरोधी नियमभंग धरला जातो आणि त्यासाठी बंदी येऊ शकते. दुखापतीने घरी परतलेल्या खेळाडूला आपण आता स्पर्धेबाहेर आहोत असे वाटते आणि पत्ता बदलण्याचे भान राहत नाही. सरांनी तिच्याकडून तो बदल रेल्वेगाडीतच भरून घेतला.

पुनर्वसन उन्हाळ्यात झाले. पहाटे पाचला ट्रॅकवर पोहोचायचे आणि ऊन चढण्याआधी परतायचे. दिवस मोजून पुढच्या पायरीवर जायचे नाही, असे डॉक्टर आणि सर यांनी ठरवले होते. दुखणे आणि दोन्ही पायांच्या ताकदीतला फरक पाहूनच पुढची परवानगी मिळे: आधी स्नायू ताणलेल्या अवस्थेत भार पेलण्याचे व्यायाम, मग सरळ धावणे, मग वळण, आणि सर्वांत शेवटी, बॅटन हातात घेऊन, सीमारेषेवरून आत सरकणे. शेवटच्या पायरीला तिने स्वतः दोनदा नकार दिला, शरीर तयार वाटत नाही म्हणून. शिबिरातले दहा दिवस पाहता, हा नकार मला तिच्या परतीचा खरा पुरावा वाटतो.

परिणाम

तो हंगाम गेला. महत्त्वाच्या राष्ट्रीय स्पर्धेत ती उतरू शकली नाही, वेळ नोंदवली गेली नाही म्हणून पुढच्या शिबिराचे बोलावणे आले नाही, आणि रेल्वेचा अर्ज एक वर्ष लांबला. काकांनी वर्तवलेले नुकसान, जसेच्या तसे, झाले. हे स्पष्ट लिहिणे आवश्यक आहे, कारण प्रामाणिकपणाचे फळ लगेच मिळाले अशी गोष्ट रचली, तर पुढच्या मुलीला आपण खोटी माहिती देऊ.

पुढच्या हंगामात तिच्या पहिल्या दोन शर्यती मंद गेल्या. तिसरीत ती स्वतःच्या जुन्या वेळेच्या जवळ आली. शिबिराला त्या तोंडी आश्वासनाची आठवण करून देताना तिने जुने पत्र आणि वैद्यकीय नोंद जोडली. कागद असल्यामुळे टाळाटाळ झाली नाही, वेळचाचणी झाली, आणि ती सहाव्या क्रमांकाने यादीत आली. नंतर एका आंतरराष्ट्रीय स्पर्धेत प्राथमिक फेरीचा दुसरा टप्पा ती धावली, त्याचे प्रमाणपत्र मिळाले, आणि त्या आधारावर रेल्वेत नोकरी लागली. आणखी काही हंगाम ती संघात आत-बाहेर होत राहिली. जागतिक स्पर्धेच्या अंतिम फेरीत ती कधी धावली नाही. उजव्या मांडीची तीच इजा पुन्हा झाली नाही. निवृत्तीनंतर नोकरी सांभाळून ती ग्वाल्हेरातल्या लहान मुलींना बॅटन देणे-घेणे शिकवते.

निर्णयबिंदूंकडे पुन्हा पाहताना

लोक या प्रकरणाचा केंद्रबिंदू त्या रात्रीच्या बैठकीत शोधतात. मला तो शिबिरातल्या पहिल्या संध्याकाळी दिसतो. त्या दिवशी तिने पूर्ण सांगितले असते आणि एमआरआय झाला असता, तर बरे होण्यासाठी दहा दिवस जास्त मिळाले असते, पर्यायी धावपटूला तयारीसाठी महिना मिळाला असता, आणि फाट त्या दहा दिवसांत वाढली की सुरुवातीपासूनच तेवढी होती, हा प्रश्न उरला नसता. पण तिने तेव्हा सांगावे अशी अपेक्षा करायची, तर सांगितल्याने काय जाईल आणि काय राहील, हे तिला आधी माहीत असायला हवे होते. शिबिर सुरू होतानाच प्रत्येकीच्या हाती एक पानभर लेखी नियम द्यावा, की वैद्यकीय कारणाने बाहेर पडलेल्या खेळाडूला ठरावीक मुदतीत वेळचाचणीचा हक्क राहील. यासाठी खर्च शून्य आहे. असा कागद असता, तर तिने त्याच संध्याकाळी सांगितले असते, असे ती स्वतः म्हणते आणि माझा त्यावर विश्वास आहे.

फिजिओचा प्रश्न त्याहून अवघड आहे. खेळाडूने फिजिओला सांगितलेले सर्व काही निवडीपासून दूर ठेवावे, असे म्हणता येत नाही, कारण संघाचा हक्क तिथे आड येतो. तरी पहिली तपासणी आणि निवडीला कळवणे यांच्यामध्ये दोन दिवसांचे अंतर ठेवता येईल, ज्या काळात तपासणी पूर्ण होईल आणि खेळाडू स्वतःहून कळवू शकेल. सरांचे मत याविरुद्ध आहे. अंतर ठेवले की लपवाछपवीला जागा मिळते, असे ते म्हणतात. हा मतभेद मिटलेला नाही.

सरांच्या जुन्या निर्णयाविषयीही विचारले पाहिजे. दोन वर्षे दुसऱ्या टप्प्याच्या तयारीवर भर दिल्यामुळे ती संघात पोहोचली, हे खरे; पण त्याच काळात वैयक्तिक ४०० मीटरची वेळ अर्ध्या सेकंदाने सुधारण्यावर मेहनत झाली असती, तर ती पाचवी न राहता तिसरी-चौथी झाली असती आणि एका दुखापतीने इतके डळमळले नसते, अशीही शक्यता आहे. वेगाने येऊन बॅटन घेतल्यामुळे रिलेतला टप्पा ब्लॉकमधून, म्हणजे स्थिर सुरुवातीने, धावलेल्या शर्यतीपेक्षा अर्धा ते एक सेकंद लवकर संपतो, आणि त्या आकड्यावर समाधान मानले की खरी वेळ मागे पडते. सर आता नव्या मुलींकडून हंगामात वैयक्तिक शर्यती अधिक धावून घेतात.

कुटुंबाच्या बाबतीत, काकांचे म्हणणे बैठकीत पूर्ण ऐकून घेतले गेले, हे चांगले झाले. पण नोकरीविषयीचा त्यांचा मुद्दा कोणी तपासला नाही. प्रत्यक्ष न धावलेल्या राखीव खेळाडूचा प्रवास भरतीच्या वेळी प्रतिनिधित्व म्हणून धरला जातो का, हे त्या रात्री घरात कोणालाच माहीत नव्हते, आणि तरीही सगळी भीती त्याच गृहीतकावर उभी होती. रेल्वेच्या क्रीडा विभागात लेखी विचारणा केली असती, तर निदान एका बाजूचे वजन खरे किती आहे ते कळले असते. रिलेच्या यादीत नाव असलेल्या प्रत्येक मुलीच्या घरी ही विचारणा शिबिराला जाण्याआधी झाली पाहिजे, आणि उत्तराची प्रत वैद्यकीय अहवालांच्या फाइलमध्येच ठेवावी. काकांनी आता ग्वाल्हेरातल्या दोन मुलींसाठी अशा फाइली स्वतः करून दिल्या आहेत.